चालते गिऱ्हाईक आणि त्याच्यामागचा हिशेब

प्रवासी माणसाला खाऊ घालणे हा धंदा जुनाच आहे. सराई, खानावळ, स्टेशनावरची भजी, दर्ग्याबाहेरची मिठाई हे सगळे त्याचेच प्रकार. पण गेल्या वीस-पंचवीस वर्षांत युरोपातील शहरांमध्ये या धंद्याला एक नवा फाटा फुटला आणि तो आता मुंबईपर्यंत येऊन पोहोचला आहे. आठ-दहा अनोळखी माणसे आगाऊ पैसे भरून ठरलेल्या चौकात जमतात. एक गाइड त्यांना तीन-चार तास गल्लीबोळांतून पायी फिरवतो, सहा-सात दुकानांत थोडे थोडे खाऊ घालतो, प्रत्येक ठिकाणी दुकानाची, पदार्थाची, मोहल्ल्याची हकिकत सांगतो आणि शेवटी मंडळींचा निरोप घेतो. याला 'फूड वॉक' म्हणतात. गाइडचे स्वतःचे दुकान नसते, भट्टी नसते, मालही नसतो. मग त्या संध्याकाळी सर्वांत जास्त कमाई कोणाची होते, हा प्रश्न व्यापारी माणसाच्या डोक्यात आल्यावाचून राहत नाही.

हा प्रश्न आम्ही विचारतो त्याला कारण आहे. मुंबईत या फेऱ्यांचा सर्वांत आवडता मुलूख म्हणजे मोहम्मद अली रोड, भेंडी बाजार आणि बोहरी मोहल्ला. म्हणजे दुकाने आपल्या बांधवांची, हातकाम आपल्या कारागिरांचे, आणि सांगितली जाणारी हकिकतही आपलीच. तेव्हा या व्यवहारात आपल्या वाट्याला काय येते, हे बघून घेणे आपले काम आहे.

आधी युरोपकडे पाहू. रोमचे उदाहरण आमच्या कुरेशी बांधवांनी मुद्दाम लक्षात घ्यावे असे आहे. त्या शहरात तेस्ताच्चो नावाचा भाग आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस तिथे शहराचा मोठा कत्तलखाना उभा राहिला आणि १९७५ पर्यंत चालला. जनावराचे चांगले भाग पैसेवाल्यांच्या घरी जात. शेपूट, पाय, आतडी, काळीज असे उरलेसुरले कामगारांना मिळे, पुष्कळदा मजुरीचा भाग म्हणून. तिथल्या भाषेत याला 'पाचवा पाव' म्हणतात. जनावराचे चार पाव विकून झाल्यावर जो उरतो तो पाचवा. या पाचव्या पावातून कामगारांच्या बायकांनी आणि आसपासच्या खानावळवाल्यांनी जे पदार्थ रचले, तेच खाण्यासाठी आज जगभरचे लोक पैसे भरून तेस्ताच्चोत पायी फिरतात. कत्तलखाना बंद पडून पन्नास वर्षे झाली, पण त्याची हकिकत अजून कमाई करून देते.

ही गोष्ट आपल्याला परकी नाही. आपली नल्ली निहारी, पाये, खिरी, गुर्दे, भेजा यांची कुळकथा हीच आहे. भेंडी बाजारातील बारा हंडीचा प्रकार पाहा. पाया, पिछोटा म्हणजे शेपूट, नल्ली अशा एकेका भागाची वेगळी हंडी, सगळ्या एका भट्टीवर ओळीने बसवलेल्या, झाकणे बंद, रात्रभर मंद आच. पहाटे उघडायच्या, आणि गिऱ्हाईक सांगेल त्याप्रमाणे या हंडीतले थोडे, त्या हंडीतले थोडे एकत्र करून खारी नानबरोबर द्यायचे. अंगमेहनतीचे काम करणाऱ्यांचे हे खाणे. आता त्याच्यासमोर कॅमेरे घेतलेली माणसे उभी असतात.

युरोप म्हटले की आपल्या लोकांना पहिली अडचण हलालची येते, आणि ती खरी आहे. रोम, पॅरिस, बार्सिलोना येथील साध्या फेरीत डुकराचे मांस आणि वाइन असायचीच. पैसे भरण्याआधी काय चालते आणि काय चालत नाही हे लेखी कळवावे. पुष्कळ कंपन्या पर्यायी पदार्थ देतात, आणि ज्या देत नाहीत त्या तसे सांगतात. ज्यांना ही यातायात नको त्यांच्यासाठी सारायेव्हो आहे, आणि त्याहून मोठे म्हणजे इस्तंबूल आहे. इस्तंबूलचा जुना बाजार युरोपच्या काठावर आहे आणि तिथल्या पायी फेऱ्या बहुधा एमिनोन्यू भागातून जातात. तिथला मसाल्याचा बाजार १६६४ च्या सुमारास पुरा झाला. त्याला तिथे 'मिसर चारशी' म्हणतात. शेजारच्या येनी मशिदीच्या खर्चासाठी त्या दुकानांचे भाडे लावून दिलेले होते. वक्फच्या मिळकतीतून बाजार आणि बाजारातून मशीद, असा तो व्यवहार. आपल्याकडच्या वक्फच्या गाळ्यांचे भाडे कोणत्या भावाने जाते हे ज्यांना माहीत आहे, त्यांना आम्ही जास्त सांगायला नको.

त्या बाजाराच्या आसपास हाजी बेकिर यांचे लोकमचे दुकान १७७७ सालापासूनचे आहे आणि मेहमेत एफेंदी यांची कॉफीची पेढी १८७१ ची. कॉफीच्या खिडकीसमोर गावचे लोक रोज रांग लावतात. फेरीतल्या पाहुण्याला गाइड आधी ती रांग दाखवतो, मग कॉफी पाजतो. हुशारी यातच आहे. गावचे गिऱ्हाईक हीच दुकानाची सर्वांत मोठी जाहिरात, हे त्या लोकांना समजलेले आहे.

सांगली भागातल्या वाचकांना मजा वाटेल अशी एक गोष्ट त्याच बाजारातली. पर्यटकांना हळद 'हिंदी केशर' म्हणून खपवण्याची चाल तिथे जुनी आहे. जाणता गाइड आपल्या मंडळींना याबद्दल आधीच सावध करतो. आपल्या हळदीला केशराचे नाव लावून कोणी परमुलखात पैसे करतो, आणि हळद म्हणून मात्र आपल्याला ती पोत्याच्या भावाने द्यावी लागते. असो.

आता मुंबई. कापडाच्या कामासाठी मुळजी जेठा मार्केटात आमचे जाणे-येणे असते. मागच्या रमजानात काम आटोपल्यावर आम्ही दोघांनी अशा एका फेरीचे पैसे भरले. ज्या रस्त्याने आम्ही पंचवीस वर्षे आपल्या पायाने जातो तोच पैसे देऊन बघायचा, म्हणून माधवनगरला घरच्यांनी हसून घेतले. फेरी इफ्तारनंतर सुरू झाली. आम्ही धरून बारा जण होतो. पुण्याची नोकरदार पोरे, दादरचे एक सेवानिवृत्त जोडपे, एक जर्मन नवरा-बायको, दोन कॉलेजच्या मुली. यातले बहुतेक पहिल्यांदाच या भागात पाऊल टाकत होते. दादरचे गृहस्थ सांगत होते की त्यांचा सगळा जन्म मुंबईत गेला, पण मोहम्मद अली रोड त्यांनी फक्त पुलावरून पाहिला. २००२ साली जे. जे. उड्डाणपूल झाल्यापासून असे लाखो लोक दुकानांच्या डोक्यावरून निघून जातात. खाली उतरायचे तर कोणीतरी हात धरून न्यावे लागते, आणि गाइड तेच काम करतो. ही त्याची सेवा आहे आणि तिला किंमत आहे, हे आम्ही मोकळ्या मनाने मान्य करतो.

मिनारा मशिदीपाशी रमजानच्या रात्री जो बाजार भरतो त्याचे वर्णन वाचकांना नव्याने सांगायला नको. २०२० आणि २०२१ या दोन रमजानांत तो बाजार टाळेबंदीमुळे भरलाच नाही. त्या दोन वर्षांत कित्येकांची वर्षाची कमाई बुडाली, म्हणून आताची गर्दी पाहून बरे वाटते. सीख, बोटी, बैदा रोटी, तळलेले बटेर, खिचडा, कुल्हडीतली फिरनी. तुपात तळलेला थाळीएवढा मालपुवा आला, त्याचे बारा तुकडे झाले आणि प्रत्येकाच्या हाती एक तुकडा आला. बोहरी मोहल्ल्यात लाकडी पिंपात बर्फ-मीठ भरून हाताने फिरवलेल्या सांच्याचे आइस्क्रीम मिळते. ताज आइस्क्रीमचे दुकान १८८७ पासूनचे सांगतात. तेही चमचा-चमचा चाखून झाले.

आम्हाला खाण्यापेक्षा पाहण्यात रस होता. गाइड तरुण होता, बोलका होता, आणि प्रत्येक दुकानात आधी फोन करून किती ताटल्या लागतील ते सांगत होता. पैसे जागच्या जागी मोबाइलवरून देत होता. उधारी नाही, घासाघीस नाही. दुकानदाराच्या दृष्टीने हा चोख व्यवहार.

पण दोन गोष्टी खटकल्या. एका ठिकाणी त्याने निहारी हे रमजानचे खास पक्वान्न असल्याचे सांगितले. भट्टीवरचा म्हातारा कारागीर ते ऐकून हसला. निहारी हा शब्द 'नहार' म्हणजे सकाळ यावरून आला आहे. ते बाराही महिन्यांचे सकाळचे खाणे, आणि रमजानात तर सकाळी ते खाताच येत नाही! गाइडने ते हसणे पाहिले, थांबून म्हाताऱ्याला विचारले आणि मंडळींना दुरुस्त करून सांगितले, हे त्याच्या भल्या स्वभावाचे लक्षण. दुसरी गोष्ट वेळेची. तरावीह आटोपून लोक बाहेर पडत होते आणि आमचा घोळका नेमका तोंडाशी उभा राहून आरशांचे आणि रोषणाईचे फोटो काढत होता. कोणी काही बोलले नाही, पण वाट काढून जाणाऱ्यांच्या चेहऱ्यावर नाराजी होती. नमाजाच्या वेळा कागदावर लिहून ठेवायला कितीसा वेळ लागतो?

फेरी संपल्यावर आम्ही मागे राहिलो आणि दोन-तीन दुकानदारांशी बोललो. एकाचे म्हणणे असे की ही मंडळी चमचाभर खातात, अर्धा तास टेबल अडवतात, आणि रमजानच्या गर्दीत त्याला ते परवडत नाही. दुसऱ्याचे म्हणणे नेमके उलट. त्याच्याकडे मिठाई होती. फेरीतले लोक जाताना किलो-किलोचे डबे घेऊन जातात आणि पुढच्या वर्षी आपल्या नातेवाइकांना घेऊन परत येतात, असा त्याचा अनुभव. एकच फेरी, एकच गल्ली, पण एकाला तोटा आणि एकाला फायदा. असे का होते ते पुढे बघू. आधी आकडे मांडू.

आम्ही भरलेल्या रकमेच्या जवळपासचे गोल आकडे घेऊन हा हिशेब केला आहे. समजा, दहा माणसे आहेत आणि माणशी भाडे १,५०० रुपये. एकूण जमा १५,००० रुपये. सहा दुकानांत प्रत्येकी माणशी ६० रुपयांचा माल खाल्ला, तर सहाही दुकानांना मिळून ३,६०० रुपये गेले. फेरीचे बुकिंग बाहेरच्या एखाद्या संकेतस्थळावरून झाले असेल तर त्याची दलाली शेकडा २० ते ३० असते. मधला २५ चा आकडा धरला तरी ३,७५० रुपये होतात. म्हणजे जे संकेतस्थळ या गल्लीत कधी आले नाही, ज्याने कधी भट्टीचा धूर पाहिला नाही, ते एकटे सहा दुकानांपेक्षा जास्त घेऊन गेले. उरलेल्या ७,६५० रुपयांत गाइडची मजुरी, पाणी, कर, जाहिरात, आणि ज्या दिवशी दोनच माणसे येतात त्या दिवसाची खोट. गाइड फार श्रीमंत होत असेल असे आम्हाला वाटत नाही.

आता त्या दोन दुकानदारांचा फरक पाहा. पहिल्याने फक्त ताटली विकली. दुसऱ्याने ताटलीच्या मागे डबा विकला. ६० रुपयांची चव ही जाहिरात आणि ६०० रुपयांचा डबा ही विक्री. डब्याच्या विक्रीत संकेतस्थळाचा वाटा नाही, गाइडचाही नाही, तो दुकानदाराने स्वतः कबूल केला असेल तर गोष्ट वेगळी. इस्तंबूलच्या लोकमवाल्यांचा सगळा धंदा या एका गोष्टीवर उभा आहे. एक तुकडा हातावर ठेवायचा, दुसऱ्या हातात बांधलेला खोका द्यायचा. मोहम्मद अली रोडवर १९३६ पासून असलेल्या सुलेमान उस्मान मिठाईवाल्यांकडे मालपुवा जागेवर खातात, पण 'अफलातून' मात्र गावी नेतात. मावा, तूप, अंडी आणि सुकामेवा घालून केलेली ती मिठाई प्रवासात टिकते, म्हणून तिचे नाव मुंबईच्या बाहेर गेले. फिरनी कितीही उत्तम असली तरी ती कुल्हडीच्या पलीकडे जात नाही.

दुसरी विकली जाणारी चीज म्हणजे हकिकत. नूर मोहम्मदी हॉटेल १९२३ सालचे. तिथे 'चिकन संजू बाबा' नावाचा पदार्थ मिळतो, कृती संजय दत्त यांनी दिलेली. चव ज्याने त्याने ठरवावी, पण त्या नावाने किती जण दारात येतात ते पाहा. ही हकिकत हॉटेलवाल्यांनी स्वतः भिंतीवर लावली, म्हणून तिचा फायदा त्यांना झाला. बाकीच्या किती दुकानांच्या भिंतीवर आजोबांनी दुकान कधी काढले, कुठून आले, काय बनवत होते, हे लिहिलेले आहे? मालकालाच विचारले तर तो म्हणतो, फार जुने आहे. गाइडला मात्र तेवढ्याने भागत नाही, मग तो ऐकीव गोष्ट जोडून देतो. आपण आपली हकिकत सांगितली नाही तर दुसरा कोणीतरी ती चुकीची सांगणार, आणि तिचे पैसेही घेणार.

भेंडी बाजारात तर या कामाला घाई आहे. सैफी बुऱ्हाणी अपलिफ्टमेंट ट्रस्टच्या योजनेत साडेसोळा एकरांवरच्या सुमारे अडीचशे जुन्या इमारती पाडून नव्या उभ्या करायच्या आहेत. त्यात सुमारे १,२५० दुकाने येतात. जुन्या इमारती धोक्याच्या होत्या यात वाद नाही. २०१७ च्या ऑगस्टमध्ये याच भागातली हुसैनीवाला इमारत कोसळून तीसहून जास्त माणसे गेली. पण नव्या गाळ्यात गेल्यावर दुकानाची जुनी ओटी, जुनी पाटी, भट्टीचा काळा झालेला कोपरा राहत नाही. गल्ली बदलल्यावर हकिकत तेवढी बरोबर नेता येते, तीही कोणी लिहून ठेवली असेल तर.

या धंद्याची उलटी बाजूही युरोपातच दिसली आहे. बार्सिलोनाच्या बोकेरिया मंडईत फिरायला येणाऱ्यांची इतकी गर्दी झाली की भाजी, मासळी घेणारे शेजारपाजारचे लोक यायचे बंद झाले. पाहुणे फोटो काढतात, विकत काही घेत नाहीत, अशी गाळेवाल्यांची तक्रार होती. शेवटी २०१५ साली शुक्रवार-शनिवारी सकाळी आठ ते दुपारी तीन या वेळात पंधरा किंवा त्याहून जास्त माणसांच्या टोळ्यांना आत यायला बंदी करावी लागली. तोवर काही गाळ्यांनी ताजी फळे सोडून कापलेल्या फळांचे पेले विकायला सुरुवात केली होती. गावचे गिऱ्हाईक तुटले की मंडईचा देखावा उरतो. आमच्या मते यातला धोका हाच. रोज येणाऱ्या हातगाडीवाल्या हमालाला निहारी महाग झाली तर पाहुण्याला दाखवायला काय राहणार?

आपल्या देशातही शहाणपणाचा एक नमुना आहे. धारावीत २००६ पासून रिअॅलिटी टूर्स ही संस्था लोकांना पायी फिरवते. चामड्याचे, मातीचे, प्लॅस्टिकचे उद्योग दाखवते. त्यांचा नियम असा की फिरताना फोटो काढायचे नाहीत, टोळी लहान ठेवायची, आणि नफ्यातला शेकडा ८० भाग वस्तीतल्या शिक्षण वगैरे कामांना द्यायचा. झोपडपट्टी दाखवून पैसे घ्यावेत का, हा वाद आपल्या जागी आहे. पण वस्तीचा वाटा आधी बोलून ठरवता येतो आणि फोटोला बंदी घातली तरी गिऱ्हाईक येते, एवढे तरी यावरून दिसते.

तेव्हा ज्यांच्या दुकानात अशा फेऱ्या येतात त्यांनी काही गोष्टी गाइडकडून आधीच कबूल करून घ्याव्यात. गर्दीची वेळ सोडून वेळ द्यावी. साडेपाच ते साडेसहा किंवा रात्री उशिरा, जेव्हा आपली टेबले तशीही रिकामी असतात. ताटलीचा भाव घटवू नये, कारण अर्ध्या ताटलीला जागा मात्र पुरी लागते. गाइडला दुकानाची खरी हकिकत एका कागदावर लिहून द्यावी, त्याला ती हवीच असते. कारागिराचा, घरच्या बायकामुलांचा फोटो विचारल्याशिवाय नाही, हे दारावर लिहावे. टिकाऊ मालाचा बांधलेला डबा नजरेसमोर असावा, त्यावर दुकानाचे नाव, गाव, फोन, केल्याची तारीख आणि अन्न सुरक्षा कायद्याखालचा नोंदणी क्रमांक छापलेला असावा. शहरी गिऱ्हाईक आता तो क्रमांक बघते. आणि ज्या घरात एखादा मुलगा-मुलगी चांगले हिंदी-इंग्रजी बोलतात त्यांनी स्वतःच फेरी काढायला काय हरकत आहे? मोहल्ल्यातल्या पोराला नमाजाच्या वेळा आणि निहारीचा अर्थ शिकवावा लागत नाही. गिऱ्हाईक थेट आले तर संकेतस्थळाची दलालीही वाचते. हिशेबातले ते ३,७५० रुपये दुकाने आणि तो पोरगा यांच्यात वाटले जातील.

हे सगळे मुंबईचे झाले, आपल्याकडे काय, असे वाचक विचारतील. आमचे उत्तर मिरजेकडे बोट दाखवते. माधवनगरला कोणी खाण्यासाठी मुद्दाम येईल असे म्हणण्याइतके आम्ही गावाचे आंधळे भक्त नाही. मागाची पाळी सुटल्यावरचा चहा आणि गरम भजी आम्हाला प्रिय असली तरी! पण दहा-बारा किलोमीटरवर मिरज आहे. रेल्वेचे जंक्शन आहे. १८९४ साली डॉ. वानलेस यांनी काढलेल्या दवाखान्यापासून मिरजेला रुग्णांची रीघ लागली, आणि आजही कर्नाटकापर्यंतचे लोक तिथे उपचारासाठी येतात. त्यांच्याबरोबरचे नातेवाईक दोन-दोन, चार-चार दिवस गावात बसून असतात. ख्वाजा शमना मीरा यांच्या दर्ग्याला सर्व धर्मांचे लोक येतात. किराणा घराण्याचे उस्ताद अब्दुल करीम खाँ १९३७ साली वारले, त्यांची कबर तिथेच आहे, आणि त्यांच्या स्मरणार्थ उरुसात गाणे होते. सतारमेकर गल्लीत तंबोरे-सतारी बनतात. २०२४ साली मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला भौगोलिक मानांकन मिळाले. लक्ष्मी मार्केट, दर्गा, सतारमेकर गल्ली या सगळ्या जागा पायी फिरण्याच्या अंतरात आहेत. भोपळ्याचा तंबोरा कसा होतो ते पाहायचे, पुढच्या गल्लीत चहा-खारी, दर्ग्यापाशी मेवामिठाई, आणि एखाद्या घरी गरम खिचडा. मोहरमच्या दिवसांत गुळाचे चोंगे. पाहुणा परदेशातून यायला हवा असे कुठे आहे? पुण्या-बेळगावचा गाणेवेडा माणूस आणि दवाखान्याबाहेर दिवस काढणारा नातेवाईक, ही गिऱ्हाइके आजच गावात आहेत.

आणि डब्यात घालून न्यायचा माल तर आपल्या जिल्ह्याइतका कुठे सापडणार! सांगलीच्या बेदाण्याला २०१६ साली आणि हळदीला २०१८ साली मानांकन मिळाले. हरिपूरला जमिनीखालच्या पेवांत हळद साठवायची रीत होती. २००५ च्या महापुरात त्यातली पुष्कळ पेवे गेली. ती पेवे पाहायला माणसे येतील, आणि येतील ती अर्धा किलो हळद घेऊन जातील, तीही हळद म्हणूनच, केशर म्हणून नव्हे. बेदाणा आपल्या शीरखुर्म्यात पडतोच. भडंग तर खास प्रवासाचाच माल, बंद डब्यात पंधरा दिवस हलत नाही.

आमच्याबरोबर मुंबईच्या फेरीत जे दुसरे गृहस्थ होते त्यांच्या भावाची भडंगाची भट्टी आहे. आजवर माल पोत्याने किराणा दुकानांना जायचा. परत आल्यावर त्यांनी झाकणाचे अर्धा किलोचे डबे मागवले आहेत आणि उरुसाच्या दिवसांत दर्ग्याच्या वाटेवर गाडी लावून चाखायला मूठभर भडंग, न्यायला डबा, असे करून बघायचे ठरवले आहे. लेबलावर भट्टी कधी सुरू झाली ते साल छापायचे आहे. ते साल थोरल्या चुलत्यांना एक आठवते आणि धाकट्यांना दुसरे. जुनी वीजबिले शोधण्याचे काम सध्या चालू आहे.